तपासावर कोर्टाची देखरेख आणि कार्यकर्त्यांचा ‘लोकस’

प्रश्न थोडक्यात असा: इंदूरमधले काही नागरिक एका सामाजिक संस्थेतर्फे काम करतात. एका गृहनिर्माण संस्थेच्या जमिनीच्या फसवणुकीत २०२४ च्या दिवाळीनंतर एफआयआर झाला. पुढे पोलिसांनी काहीच हालचाल केली नाही. प्लॉटधारक बहुतेक वृद्ध आहेत. कुणी मिलमधून निवृत्त, कुणी शाळेतून, आणि काही तर आता हयातही नाहीत. संस्थेला हायकोर्टात जनहित याचिका करायची आहे. कोर्टाच्या देखरेखीखाली सीबीआय तपास व्हावा आणि आरोपींना अटक व्हावी, ही मागणी. एका वकिलांनी सांगितले की तुम्ही ना फरियादी ना पीडित, तुमचा ‘लोकस’च नाही. हे खरे का?

उत्तर:

अर्धे खरे आहे. लोकस, म्हणजे कोर्टात दाद मागण्याचा अधिकार, एकदाच तपासला आणि विषय संपला असे होत नाही. कुठल्या कोर्टात, तपासाच्या कुठल्या टप्प्यावर आणि नेमके काय मागायला उभे आहात, यावर तो ठरतो. तुमच्या वकिलांनी शेवटच्या टप्प्याचे उत्तर पहिल्या टप्प्याला लावले आहे.

गुन्ह्याची खबर द्यायला कुणालाही मोकळीक आहे. बॅरिस्टर अंतुले मुख्यमंत्री असताना रामदास नायक यांनी त्यांच्याविरुद्ध कोर्टात फिर्याद केली, तेव्हा नायकांचे वैयक्तिक नुकसान काही झालेले नव्हते. १९८४ साली सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने सांगितले की एखाद्या कायद्यात वेगळी अट नसेल, तर फौजदारी कायद्याचे चक्र कोणताही नागरिक फिरवू शकतो. गुन्हा हा समाजाविरुद्ध असतो, हे त्यामागचे तत्त्व. याच्या दुसऱ्या टोकाला १९९२ चा जनता दल विरुद्ध एच. एस. चौधरी हा निकाल आहे. बोफोर्स प्रकरणातला एफआयआर रद्द करा म्हणून प्रकरणाशी काही संबंध नसलेले एक वकील कोर्टात गेले होते. त्यांचा लोकस मान्य झाला नाही. चालू असलेल्या फौजदारी कारवाईत बाजू मांडायची ती सरकारने, आरोपीने आणि पीडिताने. तुमच्याविरुद्ध हाच निकाल दाखवला जाईल, म्हणून तो आधीच वाचून ठेवा. तिथे तिऱ्हाईताला कारवाई थांबवायची होती. तुम्हाला थांबलेली कारवाई सुरू करून हवी आहे. हा फरक याचिकेच्या पहिल्याच पानावर यायला हवा.

या दोन टोकांच्या मध्ये तुमचा प्रश्न आहे: एफआयआर झाला, तपास अडला, बाहेरच्याने बोलायचे की नाही?

इथे कोर्टांचे उत्तर एकसारखे नाही. हवाला डायऱ्यांचे, म्हणजे नेत्यांना पैसे दिल्याच्या नोंदींचे, प्रकरण विनीत नारायण या पत्रकाराने १९९३ मध्ये सुप्रीम कोर्टात नेले. कोर्टाने ते निकाली न काढता आपल्या हाती ठेवले, सीबीआयकडून वेळोवेळी प्रगतीचे अहवाल मागवले आणि डिसेंबर १९९७ मध्ये निकाल दिला. देखरेखीची आजची पद्धत तिथून रुळली. त्याउलट २०१८ मध्ये भीमा कोरेगाव प्रकरणातल्या अटकांनंतर रोमिला थापर आणि इतर चार अभ्यासक कोर्टात गेले. कोर्टाच्या देखरेखीखाली विशेष तपास पथक नेमा, ही त्यांची मागणी होती. तिऱ्हाईतांनी याचिका केली यावर सरकारने आक्षेप घेतला. पुढे खुद्द आरोपींनीच ती मागणी आपली म्हणून उचलली. तरीही दोन विरुद्ध एक अशा बहुमताने कोर्टाने पथक नाकारले. आपला तपास कुणी करावा हे आरोपी ठरवू शकत नाही, असे बहुमत म्हणाले. न्यायमूर्ती चंद्रचूड यांचे मत वेगळे होते आणि ते वाचण्यासारखे आहे.

मला सर्वांत बोलके वाटते ते दाभोलकर प्रकरण. ऑगस्ट २०१३ मध्ये पुण्यात खून झाला. मे २०१४ मध्ये मुंबई हायकोर्टाने तपास सीबीआयकडे दिला, तो कुटुंबाबाहेरच्या एका व्यक्तीच्या जनहित याचिकेवर. पण त्यानंतर वर्षानुवर्षे तारखेला उभे राहून तपास कुठवर आला हे विचारत राहिले ते दाभोलकरांचे कुटुंबीय. कोर्टाने एप्रिल २०२३ मध्ये देखरेख थांबवली, कारण तोवर खटला सुरू झाला होता. १० मे २०२४ रोजी पुण्याच्या विशेष न्यायालयाने दोघांना जन्मठेप दिली आणि तिघांना निर्दोष सोडले. बाहेरच्या माणसाने दार उघडले, तरी ते उघडे ठेवायला घरचीच माणसे लागली. म्हणून माझा तुम्हाला पहिला सल्ला हाच की याचिकाकर्ता क्रमांक एक प्लॉटधारक असू द्या. तुमची संस्था क्रमांक दोन किंवा तीन. लोकसचा बहुतेक वाद तिथेच मिटतो.

जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेली नागरिक सुरक्षा संहिता १ जुलै २०२४ पासून लागू आहे. तुमचा एफआयआर त्यानंतरचा, त्यामुळे कार्यपद्धती याच संहितेची लागेल. फसवणूक त्याआधीची असेल तर कलमे मात्र जुन्या भारतीय दंड संहितेचीच लागतील. या नव्या संहितेच्या कलम २(१)(वाय) मधली पीडिताची व्याख्या जुन्यापेक्षा सैल आहे. आरोपीच्या कृत्याने ज्याचे नुकसान झाले तो पीडित, आणि त्याचा कायदेशीर वारससुद्धा. म्हणजे प्लॉट आजोबांच्या नावावर असेल आणि ते गेले असतील, तर नातू पीडित म्हणून उभा राहू शकतो. तुमच्या संस्थेतच असे चार-दोन जण निघतील याची मला जवळजवळ खात्री आहे. इंदूरमधल्या आपल्या मराठी घरांत अशा संस्थेची पावती नाही असे घर शोधावे लागेल. आधी स्वतःच्या घरातली कपाटे उघडा.

आता एक गोष्ट, जिच्याकडे कुणी लक्ष देत नाही आणि जिच्यामुळे प्रकरणे हातची जातात. तुमच्या एफआयआरमध्ये फरियादी कोण आहे? अशा प्रकरणांत शंभर जण फसलेले असतात, पण एफआयआर एकाच्या नावावर असतो. पोलिसांनी खात्मा लावला, म्हणजे तपास बंद करण्याचा अहवाल दिला, तर तो स्वीकारण्यापूर्वी मॅजिस्ट्रेटने फरियादीला नोटीस द्यायलाच हवी. हे १९८५ च्या भगवंत सिंग निकालापासून पक्के आहे. पण नोटिशीचा हा हक्क फरियादीचा. इतर पीडित स्वतःहून हजर झाले तर कोर्ट त्यांचे ऐकेल, मात्र त्यांना कळवण्याचे बंधन त्या निकालात नाही. तो एकटा फरियादी उद्या आरोपींशी समझोता करून गप्प बसला, तर बाकीच्यांना खात्मा मंजूर झाल्याचेही कळणार नाही. म्हणून प्रत्येक प्लॉटधारकाने थान्यात स्वतःची लेखी तक्रार द्यावी, पावती घ्यावी आणि आपला जबाब नोंदवण्याची मागणी करावी. थान्यात घेत नसतील तर डीसीपींकडे (पोलीस उपायुक्तांकडे) स्पीड पोस्टाने पाठवा. हे काम कंटाळवाणे आहे आणि तुमच्यासारखे कार्यकर्तेच ते करू शकतात. ऐंशी वर्षांच्या आजी एकट्या थान्यात जाणार नाहीत. तुम्ही हात धरून न्याल, अर्ज वाचून दाखवाल, सही कुठे करायची ते सांगाल. कायद्याने तुम्हाला पक्षकार मानो न मानो, याला लोकस लागत नाही.

कलम १९३(३) प्रमाणे पोलिसांनी ९० दिवसांत तपासाची प्रगती फरियादीला किंवा पीडिताला कळवायची असते. तुम्हाला ती कळवली का? नसेल तर लेखी विचारा. उत्तर आले नाही तर तो अर्ज आणि पोस्टाची पावती हाच तुमच्या याचिकेतला सर्वांत भक्कम कागद. ‘पोलीस निष्क्रिय आहेत’ हे वाक्य प्रत्येक याचिकेत असते. ‘अमुक तारखेला विचारले, कायद्याने उत्तर देणे बंधनकारक होते, दिले नाही’ याला सरकारी वकिलांना उत्तर द्यावेच लागते.

आता देखरेख म्हणजे काय, ते नीट समजून घ्या. तपास पोलिसांचा, निवाडा कोर्टाचा, ही विभागणी प्रिव्ही कौन्सिलने १९४४ मध्येच सांगितली आणि आजही ती टिकून आहे. देखरेख ठेवणारे कोर्ट तपास होतो आहे ना, कुणी अडवत नाही ना, एवढे पाहते. कुणाला पकडा, कुणावर चालान (आरोपपत्र) लावा, हे ते सांगत नाही. २००२ मध्ये एम. सी. अब्राहम प्रकरणात अटकेचे आदेश देणाऱ्या हायकोर्टाचा निर्णय सुप्रीम कोर्टाने फिरवला होता. त्यामुळे ‘अटक करा’ ही तुमची मागणी काढून टाका. ती मिळणार नाहीच, शिवाय तुम्ही सूडबुद्धीने आला आहात असे म्हणायला समोरच्या बाजूला आयते निमित्त मिळेल. शिवाय चालान पेश झाले की देखरेख साधारणपणे संपते. पुढचे खटल्याच्या कोर्टाकडे. देखरेख झाली म्हणजे शिक्षा होईल, असेही नाही. हवाला प्रकरणात एवढी देखरेख होऊनही बड्या नेत्यांवरचे आरोप टिकले नाहीत, कारण डायऱ्यांपलीकडे पुरावा नव्हता.

आपल्या जिल्ह्यातलेच ताजे उदाहरण घ्या. मे २०२५ मध्ये महूजवळच्या सभेत मंत्री विजय शाह यांनी कर्नल सोफिया कुरेशी यांच्याबद्दल जे वक्तव्य केले, त्याची दखल जबलपूरच्या हायकोर्टाने १४ मे रोजी स्वतःहून घेतली आणि एफआयआरचा आदेश दिला. त्या रात्री मानपूर थान्यात एफआयआर झाला. दुसऱ्या दिवशी कोर्टाने तो वाचला. कलमे लावली होती, पण आरोपीने नेमके काय केले ज्यामुळे ती कलमे लागतात, हेच त्यात नव्हते. असा एफआयआर पुढे सहज रद्द होऊ शकतो. कोर्टाने आपला आदेश एफआयआरचा भाग म्हणून वाचावा असे सांगितले आणि तपासात हस्तक्षेप न करता देखरेख ठेवू, असेही म्हटले. मग १९ मे रोजी सुप्रीम कोर्टाने तीन आयपीएस अधिकाऱ्यांचे पथक नेमले. अधिकारी मध्य प्रदेश केडरचे, पण मूळचे या राज्यातले नकोत आणि त्यांत एक महिला हवी, अशी अट घातली. हायकोर्टाचे प्रकरण पुढे बंद झाले. यातून तुमच्या कामाचे एवढेच: तुमच्या एफआयआरची नक्कल आजच घेऊन वाचा. कुठला भूखंड, कुठला ठराव, कुणाची सही, किती रक्कम, कुठल्या तारखेला, हे त्यात आहे का? ‘पदाधिकाऱ्यांनी संगनमताने फसवणूक केली’ एवढेच असेल तर दोष तपासाच्या पायातच आहे, आणि कोर्टाला पहिल्यांदा तो दाखवावा लागेल.

व्यापमं, म्हणजे मध्य प्रदेशातल्या परीक्षा-भरती घोटाळ्याचा धडा वेगळा. जुलै २०१३ मध्ये इंदूर क्राइम ब्रँचने पीएमटीला (वैद्यकीय प्रवेश परीक्षेला) बसायला आलेले तोतया परीक्षार्थी पकडले. पुढे तपास एसटीएफकडे, म्हणजे पोलिसांच्या विशेष कृती दलाकडे गेला. नोव्हेंबर २०१४ मध्ये हायकोर्टाने सीबीआय नाकारून निवृत्त न्यायमूर्ती चंद्रेश भूषण यांच्या अध्यक्षतेखाली विशेष पथक नेमले, एसटीएफच्या तपासावर लक्ष ठेवायला. ९ जुलै २०१५ रोजी सुप्रीम कोर्टाने सगळी प्रकरणे सीबीआयकडे दिली. त्या याचिकाकर्त्यांत राजकीय नेते होते, तसेच इंदूर-ग्वाल्हेरचे जागले, म्हणजे गैरप्रकार उघड करणारे, कार्यकर्तेही होते. त्यांचे ऐकले गेले, कारण ते पीडित नसले तरी त्यांच्या हातात कागद होते आणि मधल्या काळात तपासाशी संबंधित माणसांच्या संशयास्पद मृत्यूंनी देश हादरला होता. जमिनीच्या प्रकरणात तेवढी असाधारण परिस्थिती दाखवता येईल का, हे प्रामाणिकपणे स्वतःला विचारा. राज्य सरकारच्या संमतीशिवाय सीबीआय तपासाचा आदेश हायकोर्ट देऊ शकते, हे घटनापीठाने १७ फेब्रुवारी २०१० रोजी मान्य केले. तो खटलाही पश्चिम बंगालमधल्या एका नागरी हक्क संघटनेने नेलेला होता. पण त्याच निकालात हा अधिकार क्वचित आणि अपवाद म्हणून वापरावा, असेही बजावले आहे. माझ्या मते तुमच्या प्रकरणात सीबीआय मागू नये. मागायचेच तर वरिष्ठ अधिकाऱ्याच्या हाताखाली विशेष पथक आणि ठरावीक मुदतीत प्रगती अहवाल, एवढे मागा.

आणि तेही लगेच हायकोर्टात नको. इथे तुमच्या वकिलांशी माझे पटेल. सकीरी वासू प्रकरणातल्या वडिलांचा मुलगा सैन्यात मेजर होता. तो मथुरा रेल्वे स्टेशनवर मृतावस्थेत सापडला. त्यांनी सीबीआय तपास मागितला. २००७ मध्ये सुप्रीम कोर्टाने तो नाकारला आणि सांगितले की तपास नीट होत नसेल तर आधी मॅजिस्ट्रेटकडे जा. योग्य तपास करून घेण्याचा आणि त्यावर लक्ष ठेवण्याचा अधिकार त्याला आहे. पुढे तांबे निकालात हेच पुन्हा सांगून सुप्रीम कोर्ट म्हणाले की अशा रिट याचिका घेत बसलो तर हायकोर्टांना दुसरे काम उरणार नाही. मॅजिस्ट्रेटकडून तपासाचा आदेश मागण्याचे जुने कलम १५६(३) आता १७५(३) आहे. आधी थाना, मग डीसीपी, मग शपथपत्रासह मॅजिस्ट्रेट, हा क्रम चुकला तर अर्ज तिथेच अडतो. एम. जी. रोडवरच्या हायकोर्टात पहिल्याच तारखेला तुम्हाला हाच प्रश्न विचारला जाईल: मॅजिस्ट्रेटकडे गेला होता का? उत्तर ‘हो, आणि तिथे हे घडले’ असे असले की बाकी बोलणे सोपे.

मॅजिस्ट्रेटकडे मागणी नेमकी करा. तपास अधिकाऱ्याकडून प्रगती अहवाल मागवावा. सहकारिता उपायुक्तांच्या कार्यालयातून संस्थेचे मूळ सभासद रजिस्टर आणि ठरावबुक जप्त करावे, म्हणजे ते गहाळ होणार नाही. बँक खात्यांचे उतारे घ्यावेत. केस डायरी, म्हणजे पोलिसांची तपासाची रोजची नोंद, तुम्हाला पाहायला मिळणार नाही, पण कोर्ट ती मागवून पाहू शकते, तशी विनंती करा. चालान अर्धवट आले तर आरोपनिश्चितीपूर्वी मॅजिस्ट्रेट पुढील तपासाचा आदेश देऊ शकतो, हे २०१९ च्या विनुभाई मालवीय निकालाने स्पष्ट केले आहे. खटला सुरू झाल्यावरही पीडिताला स्वतःचा वकील देऊन सरकारी वकिलांना साहाय्य करता येते. सरकारने खटला मागे घ्यायचे ठरवले तर कलम ३६० खाली पीडिताचे ऐकावेच लागते. लखीमपूर खेरी प्रकरणात २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटले की तपासापासून अपिलापर्यंत प्रत्येक पायरीवर पीडिताला ऐकले जाण्याचा हक्क आहे. हे सगळे हक्क ‘पीडिताचे’ आहेत, संस्थेचे नाहीत. प्लॉटधारकांना पुढे ठेवण्याचा माझा आग्रह यासाठीच.

संस्थेने मग काय करायचे? माहितीचा अधिकार वापरा. तपास सुरू आहे एवढ्याच कारणाने माहिती नाकारता येत नाही, ती दिल्याने तपासाला अडथळा कसा येईल हे कलम ८(१)(ज) खाली दाखवावे लागते. मिळालेली प्रमाणित नक्कल तपास अधिकाऱ्याला पत्रासोबत द्या आणि पोच घ्या. फोनमधले रेकॉर्डिंग किंवा मेसेज द्यायचे असतील तर साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३(४) चे प्रमाणपत्र जोडा. अशा रीतीने तुम्ही साक्षीदार होता, आणि साक्षीदाराला २०१८ च्या साक्षीदार संरक्षण योजनेखाली संरक्षण मागता येते. जागल्यांच्या संरक्षणाचा कायदा २०१४ मध्ये संमत झाला, पण तो आजवर लागू केलेला नाही, त्याच्यावर विसंबू नका.

जोखमीबद्दल स्पष्ट बोलते. जून २०२२ मध्ये झाकिया जाफरी यांची २००२ च्या गुजरात दंगलीबाबतची याचिका सुप्रीम कोर्टाने फेटाळताना प्रकरण धगधगत ठेवणाऱ्यांवर कडक ताशेरे मारले आणि दुसऱ्याच दिवशी सहयाचिकाकर्त्या तिस्ता सेटलवाड यांना अटक झाली. त्यांना कायमचा जामीन मिळायला जुलै २०२३ उजाडले. दाद मागायला आलेल्या व्यक्तीवर असे शेकावे हे मला फार अस्वस्थ करते. पीडितासोबत उभे राहणाऱ्यांची या देशात कमतरता आहे, आणि त्याच दंगलीतल्या वडोदऱ्याच्या बेस्ट बेकरी हत्याकांडाच्या प्रकरणात राष्ट्रीय मानवाधिकार आयोग व संस्था सुप्रीम कोर्टात गेल्या नसत्या, तर २००३ ची सरसकट निर्दोष मुक्तता तशीच राहिली असती. २००४ मध्ये महाराष्ट्रात फेरसुनावणीचा आदेश झाला तो त्यांच्यामुळे. पण त्याच प्रकरणात मुख्य साक्षीदाराने पुन्हा जबाब फिरवला आणि २००६ मध्ये तिला न्यायालयाच्या अवमानाबद्दल एक वर्षाची शिक्षा झाली. साक्षीदाराला काय बोलायचे ते कधीही लिहून देऊ नका, शपथपत्राचा मसुदा त्याच्या शब्दांत असू द्या. जे तुम्हाला स्वतःला माहीत आहे आणि जे ऐकीव आहे, ते शपथपत्रात वेगवेगळे लिहा. कुणाकडून पैसे घेऊ नका, वर्गणी काढलीच तर पावतीबुक ठेवा. प्रकरण कोर्टात असताना व्हॉट्सअ‍ॅपवर आरोपींना ‘चोर’ म्हणणे बंद करा, मानहानीची फिर्याद याच वाटेने येते.

या महिन्यात एवढे करा. एफआयआरची नक्कल, प्लॉटधारकांची यादी, वारसांसह, आणि प्रत्येकाच्या पावतीची झेरॉक्स गोळा करा. प्रगती विचारणारा अर्ज फरियादीच्या सहीने थान्यात द्या आणि त्याची प्रत डीसीपींना पाठवा. पंधरा-वीस दिवस थांबा, मग मॅजिस्ट्रेट. तुमच्या वकिलांना बदलायची गरज नाही. त्यांनी धोका दाखवला, ते त्यांचे कामच आहे. त्यांच्यापुढे हे कागद ठेवा आणि वकालतनाम्यावर तीन-चार प्लॉटधारकांच्या सह्या घ्या. त्यांतला निदान एक तारखेला स्वतः येऊ शकेल असा निवडा.